काठापर्यंतचा गूळ

संक्रांतीच्या आदल्या दिवशी, शिरवण्याच्या गावठाणातील आमच्या बिऱ्हाडात पोळपाट मांडला होता, तेव्हा शेजारच्या आगरी आजी पदर खोचून माझ्याजवळ येऊन बसल्या आणि परातीतील गुळाचा गोळा दोन बोटांनी दाबून म्हणाल्या, "बाय, गूळ अजून कडक हाय." आदल्या वर्षी माझ्या गुळाच्या पोळ्या फाटल्या, गूळ तव्यावर वाहून डांबरासारखा करपला आणि ज्या फाटल्या नाहीत त्यांचे काठ दोन-दोन बोटे कोरडे राहिले, त्या साऱ्या मामल्याचे कारण त्या एका वाक्यात होते.

१९७० साली नवी मुंबई वसवण्यासाठी सिडकोची स्थापना झाली आणि पुढे या पट्ट्यातील भातखाचरे भूसंपादनात गेली. तथापि ज्या घरांतील स्त्रियांनी जन्मभर तांदळाची पिठी मळली, त्यांच्या बोटांना पिठाचा स्वभाव अद्याप ठाऊक आहे. गव्हाची कणीक आजींच्या घरात उशिरा आली, असे त्याच सांगतात. परंतु त्यांचा हात पाहताना तसे कोणास वाटणार नाही.

गूळ चिक्कीचा नको, साधा, पिवळा आणि मऊ हवा. तो बारीक किसून, तेलात खमंग भाजलेले बेसन, भाजून कुटलेले तीळ व खसखस, वेलदोडा आणि किंचित जायफळ घालून इतका मळायचा की त्यात एकही खडा बोटाला लागू नये. बेसन केवळ चवीसाठी नसते. तव्याच्या आचेने पातळ होणारा गूळ शोषून धरण्याचे काम त्याच्याकडे असते. यावरून मला मॉन्ट्रियलला असलेली माझी भाची आठवते. तिकडे क्यूबेक प्रांतात हिवाळा सरता सरता, रात्री गोठवणाऱ्या आणि दिवसा बर्फ वितळवणाऱ्या हवेत, मेपलच्या झाडातून रस ठिबकू लागतो आणि सुमारे चाळीस लिटर रस आटवावा तेव्हा लिटरभर पाक हाती येतो. त्या पाकात वा साखरेत साय आणि थोडे पीठ घालून, पारीवर ओतून भट्टीत भाजलेला ‘पाय’ नावाचा गोड पदार्थ ती घरी करते. पीठ कशाला, असे मी विचारले असता तिने जे कारण सांगितले, ते आमच्या बेसनाचेच होते. कोल्हापूरच्या गुऱ्हाळातील काहिलीपाशी उभा असलेला गुळव्या आणि तिकडचा रस आटवणारा, एकमेकांचे काम पाहताच ओळखतील, असे मला मनापासून वाटते.

कणकेत थोडे बेसन आणि कडकडीत तेलाचे मोहन घालून ती घट्ट भिजवली होती. आजींनी गूळ तेलाच्या हाताने पुन्हा मळावयास लावला आणि कणकेची लाटी व गुळाची गोळी दोन्ही हातांत धरून, एकाच वेळी दाबून, दोहोंचा मऊपणा समान झाल्याची खात्री होईतो मला पुढे जाऊ दिले नाही. मग दोन पाऱ्यांमध्ये गुळाची चपटी गोळी ठेवून कडा चिकटवल्या आणि तांदळाच्या पिठीवर त्यांनी लाटणे फिरवले ते मध्यापासून काठाकडे, इतक्या हलक्या हाताने की पोळी स्वतःच पसरते आहे असा भास व्हावा. आतील गुळाचे तपकिरी छायावर्तुळ कणकेखालून पुढे पुढे सरकताना स्पष्ट दिसत होते. ते काठाशी पोचले, तेव्हा कातण्याने उरलेली कड काढून टाकली.

मंद आचेवर पोळी भाजताना ती दाबायची नाही, आणि एखाद्या पोळीचा गूळ सुटलाच तर पुढची टाकण्यापूर्वी तवा ओल्या फडक्याने पुसायचा. उतरवलेली पोळी मऊ असते. तिची घडी घालायची नाही, दुसरीवर ठेवायची नाही, कागदावर एकटीच निवू द्यायची. निवताना गूळ आत पुन्हा घट्ट होतो आणि पोळी खुसखुशीत होते.

त्या दुपारी एकवीस पोळ्या झाल्या. आजींनी तूप मागितले नाही. पहिलीच पोळी उचलून तिच्या अगदी कडेचा तुकडा मोडला, उजेडाकडे धरून गुळाची रेघ पाहिली आणि तोंडात टाकला.