सहलीत एवढं चुकवू नका

मैत्रिणींनो, दशम्या बांधून औशाहून बिदरची सहल छान होते. ऐंशी ओलांडलेल्या सासूबाईंनाही नेलं. किल्ल्यात रंगीन महालातलं शिंपल्यांचं जडावकाम, गावात महमूद गवानचा १४७२ चा मदरसा. वाटाड्यानं सगळं हौसेनं दाखवलं.

पुढे बसवकल्याण भागातलं गोरटा. इथं १९४८ मध्ये रझाकारांनी गावकऱ्यांची कत्तल केली. स्मारक २०२३ मध्ये खुलं झालं. सासूबाईंनी हात जोडले, मग म्हणाल्या, "पोलीस कारवाईनंतर आपल्या शेजारची मुसलमान माणसंही मारली गेली गं. त्यांचा दगड कुठंय?"

सुंदरलाल समितीनं संस्थानभरातल्या अशा मृतांचा आकडा २७ ते ४० हजार अंदाजला होता.

मुलांना न्याल, तेव्हा दोन्ही सांगा बरं!