न सांगता येणारा प्रेमभंग

प्रेमभंग झालेल्या माणसाला आपल्याकडे निदान धीराचे दोन शब्द मिळतात. पण जिचं प्रेमच कुणाला ठाऊक नाही, तिनं रडायचं कुणापाशी?

विजय तेंडुलकरांचं ‘मित्राची गोष्ट’ हे नाटक १९८१ साली रंगभूमीवर आलं. सुमित्रा, म्हणजे मित्राची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांनी केली होती. कॉलेजच्या नाटकात पुरुषाचं काम करताना मित्राचा नमावर जीव जडतो. नमाचं मन मात्र मित्रा आणि मन्या दळवी यांच्यात हेलकावे खातं. मित्राची पत्रं दळवीच्या हाती लागतात. पुढे नमा दूर जाते. मित्राचं दुःख जाणणारा एकटा बापू उरतो, आणि अखेर मित्रा जिवाला मुकते.

नमानं दगा दिला हे खरं. पण त्यामागे बदनामीची भीतीही होती. चोरून करावं लागणाऱ्या प्रेमात धमकावणाऱ्याला आयतं बळ मिळतं आणि फसवली गेलेली कुणाकडे दादही मागू शकत नाही.

समलिंगी प्रौढांचं संमतीचं नातं गुन्हा नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं ६ सप्टेंबर २०१८ रोजी दिला. १७ ऑक्टोबर २०२३ रोजी अशा विवाहांना मान्यता देण्यास मात्र नकार दिला. कोर्टाचं काम कोर्ट करील. धीराचा शब्द घरातच मिळायला हवा. आमच्या बदनापुरात काय किंवा मुंबईत काय, एखादी मुलगी मैत्रिणीसाठी रडताना दिसली, तर ‘मैत्रीणच तर होती’ म्हणून हसू नका. तिच्याजवळ थोडं बसा, तिचं ऐका.