वाचकाच्या हातची कादंबरी

कादंबरी वाचताना नायकाने अमुक करावयास नको होते असे आपल्या मनात अनेकदा येते. पण पान उलटण्यापलीकडे आपल्या हाती काही नसते. संगणकावरील ज्या कथाप्रकाराविषयी आज बोलावयाचे आहे, त्यात हा निर्णय वाचकावर सोपविलेला असतो. पडद्यावर चित्र, खाली संवाद, आणि मधूनच एक प्रश्न: आता काय करणार? जपानमधील लीफ या संस्थेने १९९६ साली आपल्या कथामालेस 'व्हिज्युअल नॉव्हेल' म्हटले, आणि तेच नाव रूढ झाले. आपण तिला चित्रकादंबरी म्हणू.

जपानबाहेर हा प्रकार फैलावला तो मुख्यतः 'रेनपाय' या साधनामुळे. टॉम रोथामेल यांनी ते २००४ साली तयार करून मोफत खुले केले. मोठी संस्था पाठीशी नसलेल्या एकट्यादुकट्या लेखकासही त्यामुळे चित्रकादंबरी रचता येऊ लागली. अशांपैकी डॉ. पिंककेक हे टोपणनाव घेणाऱ्या लेखकाची 'बीइंग अ डिक' ही कृती पाहण्याजोगी आहे. नावात इंग्रजी शिवी आहे आणि ती हेतुपुरस्सर आहे. नायक ज्या विद्यार्थिमंडळात शिरतो, त्या 'डेल्टा आयोटा कॅपा'ची ती आद्याक्षरे. गरीब घरातला, विधुर बापाने वाढविलेला हा तरुण प्रथमच घर सोडून कॉलेजात येतो. कथा उघडपणे प्रौढांसाठी आहे, आणि तीतील शृंगार मला अनेक ठिकाणी अनावश्यक वाटतो. बापलेकांचे नाते मात्र मनास भिडते.

ही कथा हप्त्याहप्त्याने वाढत गेली. पहिले चार भाग मिळून पहिले पर्व झाले, पुढील चारांचे दुसरे. क्रमशः कादंबरी आपणांस नवी नाही. हरिभाऊ आपट्यांची 'पण लक्षात कोण घेतो' 'करमणूक' पत्रातून अशीच आली. परंतु हरिभाऊंना सर्व वाचकांसाठी पुढचे एकच प्रकरण लिहावयाचे होते. येथे तसे नाही. प्रत्येक प्रश्नास दोन उत्तरे धरली, तर दहा प्रश्नांतून एक हजार चोवीस वाटा फुटतात! इतक्या कथा कोण लिहिणार? म्हणून फुटलेल्या वाटा थोड्या अंतरावर पुन्हा एकत्र आणतात. केवळ वाचकाने काय निवडले याची नोंद संगणक जपून ठेवतो. या कृतीत सौम्य वागणुकीची आणि दांडगाईची मोजदाद निरनिराळी होते, व कल एका बाजूस झुकला की पुढे काही पर्याय बंदच होतात. पहिल्या पर्वात सहज दिलेले उत्तर असे दुसऱ्या पर्वात समोर उभे राहते. लेखकही त्यात अडकतो. छापलेले प्रकरण जसे मागे घेता येत नाही, तशा वाचकांच्या जुन्या निवडीही त्यास पुसता येत नाहीत. प्रत्येक नव्या भागात त्या साऱ्यांची दखल घ्यावी लागते, आणि काम वाढत जाते.

मग इतका काळ लेखकाचे पोट कसे भरावे? २०१३ साली निघालेल्या 'पेट्रिऑन'ने ती सोय केली. कथा अपुरी असतानाच चाहते दरमहा वर्गणी देतात. 'स्टीम' या विक्रीकेंद्राने २०१८ साली आपले नियम सैल केले, आणि २०२० च्या फेब्रुवारीत या कथेचे पहिले पर्व तेथे विक्रीस आले.

परंतु वर्गणी असो वा किंमत, पैसा पोहोचतो तो कार्डांचे व्यवहार पाहणाऱ्या कंपन्यांमार्फत. जुलै २०२५ मध्ये त्यांच्या दडपणाखाली स्टीमने काही प्रौढ खेळ विक्रीतून काढले. छोट्या लेखकांचा मोठा आधार असलेल्या 'इच.आयओ'ने तर प्रौढ म्हणून नोंदलेले सर्वच खेळ आपल्या शोधयादीतून वगळले. त्यांत बरे कोणते, वाईट कोणते, हे पाहण्यास सवडच नव्हती. महिनाअखेर मोफत खेळ पुन्हा यादीत दिसू लागले. ज्यांच्या विक्रीवर लेखकाची गुजराण चालावयाची, ते मात्र तेव्हा बाहेरच राहिले.