मार खाणाऱ्याचं कसब

हिंदी चित्रपटांतले खलनट बॉब क्रिस्टो 20 मार्च 2011 रोजी, रविवारी, बंगळुरूत गेले. त्यानंतर सगळीकडे एकच गोष्ट फिरत राहिली : सिडनीचा हा सिव्हिल इंजिनिअर 'टाइम' साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर अभिनेत्री परवीन बाबीला पाहतो आणि तिला भेटायला मुंबई गाठतो. गोष्ट रंगतदार आहे, पण ती झाली मुंबईत येण्याची. इथे टिकण्याची गोष्ट वेगळी. 1980 च्या 'अब्दुल्ला'पासून पुढे दोनशेच्या आसपास चित्रपट त्यांच्या नावावर सांगितले जातात. एवढं काम कुणी परवीन बाबीच्या फोटोवर देत नाही. माझ्या मते क्रिस्टो टिकले ते मार खाण्याच्या कसबावर, आणि त्या कसबाची आपण कधी नीट दखल घेतली नाही.

पडद्यावर नायकाचा ठोसा लागत नसतो. तो हनुवटीपासून वीतभर लांबून जातो आणि मधलं अंतर दिसू नये अशा बेताने कॅमेरा लावलेला असतो. 'ढिशूम' नंतर स्टुडिओत भरतात. म्हणजे ठोशात किती जोर होता हे ठरतं मार खाणाऱ्याच्या मानेवर. मान क्षणभर आधी वळली तर खोटेपणा उघडा पडतो, उशिरा वळली तर थिएटरात हशा पिकतो. शिवाय नायक मोठा दिसायचा तर समोर पडणारा माणूस तोलामोलाचा हवा. अमिताभसारख्या उंच नायकापुढे 'कालिया' आणि 'मर्द'मध्ये असा धिप्पाड माणूस क्रिस्टोंच्या रूपाने उभा राहिला.

या कसबाचा खरा कस लागला 'मिस्टर इंडिया'त. हनुमानाची मूर्ती पळवायला आलेला मिस्टर वॉल्कॉट आठवून पाहा. अदृश्य नायक मूर्ती उचलतो, तिच्यासकट त्याला बदडून काढतो आणि शेवटी त्याच्या तोंडून बजरंगबलीचा जयजयकार वदवून घेतो. साल 1987. संगणकाची मदत नव्हती. पीटर परेरांची ट्रिक फोटोग्राफी होती आणि नटाचं शरीर होतं. मारणारा फ्रेममध्ये नाहीच. ठोसा कुठून आला, पोटात बसला की जबड्यावर, आपण कोणत्या बाजूला फेकलं जायचं, हे सगळं क्रिस्टोंनी एकट्याने दाखवायचं होतं. तिथे मिस्टर इंडिया उभा आहे यावर आपला विश्वास बसतो, तो त्यांच्या कोलमडण्यामुळे. दृश्य नायकाचं म्हणून लक्षात राहिलं असेल, पण ते तोलून धरलं क्रिस्टोंनी.

असा माणूस हाताशी असताना आपल्या लेखकांनी त्याला दिलं काय? स्मगलर, इंग्रज अंमलदार, भाडोत्री गुंड. त्यांना हिंदी येत नव्हतं म्हणून, असं कुणी म्हणेल. मग दुसरे गोरे नट टॉम ऑल्टर यांचं काय? मसुरीत जन्मलेले, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले, अस्खलित उर्दू बोलणारे ऑल्टर 2008 मध्ये पद्मश्री झाले. तरीही व्यावसायिक चित्रपटाने त्यांना पुन्हा पुन्हा गोऱ्या साहेबाचाच कोट चढवला. तेव्हा अडचण भाषेची नव्हती. गोऱ्या कातडीचा माणूस शेजारी, मास्तर किंवा मित्र असू शकतो, हे आपल्या पटकथांना सुचलं नाही.

दूरदर्शनने मात्र क्रिस्टोंना वेगळी संधी दिली. 'अब्दुल्ला'वाल्या संजय खान यांच्याच 'द ग्रेट मराठा' या 1994 च्या मालिकेत ते अहमदशाह अब्दाली झाले. पानिपत म्हटलं की मराठी माणसाच्या काळजात आजही कळ उठते. त्या लढाईचा विजेता साकारायला हा सिडनीकर निवडला गेला. आयुष्यभर नायकांकडून हरलेल्या नटाला तिथे जिंकणारा सेनापती रंगवता आला. अशा भूमिका आणखी मिळाल्या असत्या, तर मृत्युलेखांत परवीन बाबीला एवढी जागा लागली नसती.

सर्वोत्तम खलनायकाचा फिल्मफेअर पुरस्कार 1992 मध्ये सुरू झाला आणि पहिलाच मान 'सडक'साठी आपल्या सदाशिव अमरापूरकरांना मिळाला. तो योग्यच होता. पण खलनायकाच्या शेजारी उभं राहून पहिला ठोसा झेलणाऱ्यासाठी पुरस्कार नाही. पुरस्कार देणाऱ्या संस्थांनी तो सुरू करावा, निर्मात्यांनी या मंडळींची नावं श्रेयनामावलीत ठळक द्यावीत. आणि हे सगळं ही माणसं हयात असताना करावं.