आईच्या पदराआडची अंबिका

रीमा लागू म्हटले की बहुतेकांना 'मैंने प्यार किया'मधली आई आठवते. मला आधी आठवते ती 'पुरुष'मधली अंबिका. जयवंत दळवींचे नाटक, विजयाबाई मेहतांचे दिग्दर्शन, समोर गुलाबरावाच्या भूमिकेत नाना पाटेकर. बलात्कारानंतर घर, नातीगोती, कोर्टकचेरी अशी सगळी दारे बंद झालेली मास्तरांची मुलगी अखेर गुलाबरावाचे पुरुषत्वच हिरावून घेते. ती अंबिका साकारणारी नटी पुढे हिंदी पडद्याची हळवी आई ठरली. त्या हळवेपणाच्या तळाशी काय होते, हे नाटकवाल्यांना ठाऊक होते.

रंगभूमी त्यांच्या घरातच होती. आई मंदाकिनी भडभडे 'लेकुरे उदंड जाली'मुळे प्रेक्षकांच्या ओळखीच्या. १९५८मध्ये जन्मलेली नयन लहानपणीच 'बेबी नयन' म्हणून कॅमेऱ्यापुढे उभी राहिली; पुढे पुण्याच्या हुजूरपागेत शिकली. अभिनेते विवेक लागू यांच्याशी लग्न झाल्यावर ती रीमा लागू झाली. दिवसा युनियन बँकेत नोकरी आणि संध्याकाळी नाटक, असा मुंबईच्या कितीतरी रंगकर्मींचा दिनक्रम त्यांनीही वर्षानुवर्षे पाळला. याच काळात 'सिंहासन', 'आक्रोश', 'कलयुग' हे चित्रपट झाले.

१९८८च्या 'कयामत से कयामत तक'मध्ये त्या जुही चावलाच्या आई झाल्या. तेव्हा वय जेमतेम तिशीचे. पुढच्याच वर्षी सलमान खानची आई. त्याच्यात आणि त्यांच्यात सात-साडेसात वर्षांचे अंतर. आजही मला याचा राग येतो. तिशीतल्या नायकाला कॉलेजात धाडणाऱ्या आपल्या सिनेमाने तिशीतल्या समर्थ नटीच्या हाती थेट आरतीचे ताट दिले.

पण त्या ताटामागे उभे राहून त्यांनी आईच बदलली. निरुपा रॉय यांची आई सोसायची, रडायची. रीमाताईंची आई मुलाची मैत्रीण झाली. नवऱ्याच्या हट्टापुढे आवाज न चढवता त्याला अडवू लागली. समोरच्याचे वाक्य चालू असताना त्यांचा चेहरा पाहावा. त्या ऐकत असतात, खरोखर ऐकत असतात. क्लोज-अपची सोय नसलेल्या रंगमंचावर ज्याला असे ऐकता येते, त्याला कॅमेऱ्यापुढे वेगळे काही करावे लागत नाही. विनोदातही त्यांचे टायमिंग नाटकातलेच. 'तू तू मैं मैं'मधल्या सुप्रिया पिळगावकरांबरोबरच्या सासू-सुनेच्या चकमकी आठवून पाहा.

मग १९९९मध्ये महेश मांजरेकरांचा 'वास्तव' आला. संजय दत्त त्यांच्यापेक्षा एका वर्षाने लहान, तरी त्या त्याची आई. हे गणित खटकत नाही, कारण चाळीतली शांता त्यांच्या चालण्या-बोलण्यात पुरती मुरलेली आहे. पोरगा पैशांची बंडले घेऊन घरी येतो तेव्हा तिच्या डोळ्यांत धास्ती आणि माया एकमेकींना वाट देत नाहीत. शेवटी त्याला सोडवायला हीच आई पिस्तूल हाती घेते. 'मदर इंडिया'ची आठवण होणे साहजिक आहे. मला मात्र अंबिकाच परतलेली दिसते. फरक एवढाच की अंबिकेचा घाव सूडाचा होता, शांतेचा मायेचा.

सहाय्यक अभिनेत्रीच्या फिल्मफेअरसाठी त्यांना चारदा नामांकन मिळाले, त्यातले शेवटचे 'वास्तव'साठी. पुरस्कार एकदाही मिळाला नाही. १८ मे २०१७ रोजी त्या गेल्या, तेव्हा 'नामकरण' या मालिकेत काम करत होत्या. तीन वर्षांनी 'थप्पड' आला. नवऱ्याने मारलेली एक चपराक माफ न करणाऱ्या बाईची ती गोष्ट अनुभव सिन्हांबरोबर लिहिली होती रीमाताईंच्या लेकीने, मृण्मयीने.