बऱ्हाणपूरच्या भिंतीवरचा सोमवार

बऱ्हाणपूरच्या जामा मशिदीत एक सोमवार कोरून ठेवला आहे. खानदेशच्या फारूकी घराण्यातला आदिलशहा, म्हणजेच राजा अलीखान, याने ही मशीद बांधली. अरबी लेखाबरोबर त्याने देवनागरीत एक संस्कृत लेखही कोरवून घेतला. निराकार सृष्टिकर्त्याला नमस्कार, मग फारूकी राजांची वंशावळ आणि शेवटी काळाची नोंद असा या लेखाचा क्रम आहे. ही नोंद मोठ्या कसोशीने केलेली आहे: संवत 1646, शके 1511, विरोधी संवत्सर, पौष शुद्ध दशमी, 23 घटकांनंतर एकादशी, सोमवार, कृत्तिका आणि पुढे रोहिणी, शिवाय योग, करण, आणि रात्रीच्या 11 घटका उलटल्यावर कन्या लग्न. घटका 24 मिनिटांची धरली, तर ही वेळ रात्री दहाच्या सुमाराची ठरते.

एका क्षणासाठी इतक्या खुणा कशाला? कारण त्या काळात एकच दिवस वेगवेगळ्या मोजणीत वेगवेगळ्या ठिकाणी पडत होता, आणि हे शहर अशा अनेक मोजण्यांच्या नाक्यावर वसलेले होते.

संवत्सराचेच पाहा. उत्तरेकडच्या गणिताने संवत्सर गुरूच्या चालीवर ठरते, आणि ते सौर वर्षापेक्षा थोडे लहान असल्याने साधारण 85 वर्षांनी साठ संवत्सरांतले एक नाव गाळावे लागते. दक्षिणेत हे गाळणे केव्हाच थांबले. शके 1511 ला ‘विरोधी’ हे नाव मिळते ते दक्षिणी गणिताने, म्हणजे महाराष्ट्राच्या पंचांगात आजही चालते त्याच रीतीने. त्याच ओळीत उत्तरेत रूढ असलेला विक्रम संवतही आहे. तापीकाठच्या या गावाला दोन्ही मोजण्या लागत होत्या, म्हणून दोन्ही लिहिल्या गेल्या.

मशिदीच्या अरबी लेखात हिजरी 997 हे साल आहे. संस्कृत लेखातल्या सोमवारी मात्र हिजरी 997 संपून दोन महिने झाले होते. इंग्रजी पुस्तकांत या दिवसाची तारीख 5 जानेवारी 1590 अशी मिळते. ती जुन्या ज्यूलियन पद्धतीची आहे. पोप ग्रेगरी तेरावे यांनी 1582 मध्ये दहा दिवस वगळले होते. रोममध्ये गुरुवार 4 ऑक्टोबरनंतर शुक्रवार 15 ऑक्टोबर उजाडला. त्या नव्या मोजणीने बऱ्हाणपूरचा तो दिवस 15 जानेवारी होतो. वार मात्र दोन्हीकडे सोमवारच राहतो, कारण पोपने तारखा गाळल्या तरी वारांच्या क्रमाला हात लावला नाही. जुन्या लेखातला वार म्हणूनच फार मोलाचा असतो. तिथी आणि वार गणिताने जुळले, की नोंदीवर विश्वास ठेवायला आधार मिळतो.

हे जुळवणे सोपे करणाऱ्यांत एक मराठी नाव अग्रभागी आहे. दापोलीजवळच्या मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा मराठी ग्रंथ 1896 चा. त्याच वर्षी रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर त्यांनी भारतीय कालगणनेवरचा इंग्रजी ग्रंथ कोष्टकांसह प्रसिद्ध केला. बऱ्हाणपूरचा संस्कृत लेख पुढे रायबहादुर हिरालाल यांनी ‘एपिग्राफिया इंडिका’त छापला. दीक्षितांना आयुष्य जेमतेम 45 वर्षांचे मिळाले. त्यांच्या कामाची आठवण शालेय पुस्तकांतही असायला हवी.

मोजण्यांमधल्या तफावतीचा चटका सर्वांत आधी शेतकऱ्याला बसे. हिजरी वर्ष चांद्र, 354 दिवसांचे. 30 सौर वर्षांत अशी जवळजवळ 31 वर्षे सरतात. पीक मात्र 30 वेळाच येते, मग सारा 31 वेळा कसा भरायचा? अबुल फजलने अकबराच्या इलाही सनाचे एक कारण हेच दिले आहे. हा सौर सन 1584 मध्ये सुरू झाला आणि गणना 1556 पासून धरली गेली. 1601 मध्ये अकबराने फारूकींचा असीरगड घेतला, आणि राजा अलीखानच्या मशिदीत मीर मासूम नामीने अकबराचाही लेख कोरला. पुढे बऱ्हाणपूरच्या टांकसाळीतल्या रुपयांवर इलाही महिन्यांची नावे उमटली.

मराठी मुलखाने हाच पेच सुहूर सनाने सोडवला. आकडे अरबी नावांचे, ‘इसन्ने, सलास, अर्बा’. पण वर्ष सुरू होई सूर्य मृग नक्षत्रात शिरताना, म्हणजे पेरणीच्या तोंडावर. म्हणूनच त्याला मृगसाल म्हणत. पेशवे दफ्तराचे कागद वाचणाऱ्याला ही मोजणी शिकल्याशिवाय पाऊल टाकता येत नाही. 1674 मध्ये शिवाजी महाराजांनी राज्याभिषेक शक सुरू केला, तेव्हा आणखी एक मोजणी सुरू झाली.

इंग्रज वकील सर टॉमस रो नोव्हेंबर 1615 मध्ये बऱ्हाणपुरात शहजादा परवेझला भेटला. त्याची रोजनिशी जुन्या पद्धतीची. गोव्यातले पोर्तुगीज त्याच दिवशी तारखेत दहा दिवस पुढे होते. इंग्लंडने नवी पद्धत स्वीकारली ती थेट 1752 मध्ये. त्यामुळे सतराव्या शतकातली कोणतीही इंग्रजी तारीख वाचताना ती कुठल्या पद्धतीची, हे आधी विचारावे लागते. शिवजयंतीची 19 फेब्रुवारी 1630 ही तारीखही ज्यूलियनच आहे. फाल्गुन वद्य तृतीया, शके 1551 या तिथीचा तो दिवस ग्रेगोरियन मोजणीने 1 मार्च येतो.