पालकमंत्री : राज्यघटनेत नसलेले वजनदार पद

विलेपार्ल्यातील एखाद्या वस्तीत जिल्हा नियोजनाच्या निधीतून पायवाटेचे किंवा समाजमंदिराचे काम निघाले, की भूमिपूजनाच्या फलकावर ‘पालकमंत्री, मुंबई उपनगर जिल्हा’ ही ओळ बहुधा ठळकपणे असते. ही पदवी महाराष्ट्रात सर्वांच्या तोंडी असली, तरी राज्यघटनेत ती कोठेही नाही. घटनेच्या १६४ व्या अनुच्छेदाला केवळ मुख्यमंत्री आणि इतर मंत्रीच ठाऊक आहेत. उपमुख्यमंत्रिपदाचेही तसेच आहे. नाशिकराव तिरपुडे १९७८ मध्ये राज्याचे पहिले उपमुख्यमंत्री झाले. पुढे फेब्रुवारी २०२४ मध्ये अशा नेमणुकांविरुद्धची याचिका फेटाळताना सर्वोच्च न्यायालयाने उपमुख्यमंत्री हा अखेर मंत्रीच असतो, त्या नावाने घटनेचा भंग होत नाही, असे स्पष्ट केले. अमेरिकेत तर एखाद्या प्रश्नाची सर्व सूत्रे हाती दिलेल्या अधिकाऱ्याला ‘झार’ म्हणण्याची पद्धत आहे, आणि १९७३ च्या तेलटंचाईत इंधनाचा कारभार सांभाळणारे विल्यम सायमन ‘ऊर्जा झार’ म्हणूनच ओळखले गेले.

पालकमंत्र्याचे वजन मात्र केवळ नावातून आलेले नाही. १९९२ च्या ७४ व्या घटनादुरुस्तीने जिल्हा नियोजन समिती, म्हणजे जिल्ह्याच्या विकासाचा आराखडा ठरवणारी समिती, बंधनकारक केली आणि महाराष्ट्राने त्यासाठी १९९८ मध्ये स्वतंत्र कायदा केला. या समितीचे अध्यक्षपद जिल्ह्याचा प्रभार असलेल्या मंत्र्याकडे असते, तर जिल्हाधिकारी सदस्य-सचिव असतो. कोणत्या कामाला किती निधी द्यायचा, हे येथे ठरत असल्यामुळे आमदारांपासून वस्तीतील कार्यकर्त्यांपर्यंत सर्वांना पालकमंत्र्याचा उंबरठा झिजवावा लागतो. स्वातंत्र्यदिनी जिल्ह्याच्या मुख्य ठिकाणी ध्वजारोहण करण्याचा मान हे त्या अधिकाराचे दृश्य रूप होय.

मुंबई उपनगर हा १ ऑक्टोबर १९९० रोजी मुंबई शहरापासून वेगळा झालेला जिल्हा, आणि येथील गुंतागुंत इतर जिल्ह्यांहून निराळी आहे. येथे जिल्हा परिषद नाही. रस्ते, पाणी, नाले हे सारे महापालिकेकडे आहे आणि विलेपार्लेही रेल्वेमार्गाच्या पूर्वेला के-पूर्व व पश्चिमेला के-पश्चिम अशा दोन प्रभागांत विभागलेले आहे. घटनेनुसार नियोजन समितीतील किमान चार-पंचमांश सदस्य स्थानिक संस्थांतील लोकनियुक्त प्रतिनिधींनी आपल्यातून निवडून द्यायचे असतात, म्हणजे उपनगरात ते नगरसेवकांतूनच यायला हवेत. परंतु ७ मार्च २०२२ रोजी महापालिकेची मुदत संपून प्रशासकाची राजवट सुरू झाली, नगरसेवक उरले नाहीत, आणि तुंबलेल्या गटाराची तक्रार घेऊन नागरिकांनी जायचे कोणाकडे, हा प्रश्न प्रत्येक प्रभागात उभा राहिला. ही पोकळी पालकमंत्र्यांनी भरली. जुलै २०२३ मध्ये उपनगरचे तेव्हाचे पालकमंत्री मंगलप्रभात लोढा यांना महापालिका मुख्यालयात दालन मिळाले, तेव्हा विरोधकांनी त्यास हरकत घेतली. नागरिकांना तक्रारीसाठी एक दार मिळाले हे खरे, तथापि राज्याच्या मंत्र्याने महापालिकेच्या इमारतीत बसावे ही लोकनियुक्त स्थानिक सत्तेची भरपाई होऊ शकत नाही, आणि त्या हरकतीतील हा मुद्दा पक्षभेदापलीकडे मान्य व्हायला हवा होता.

पदाची नेमणूक सर्वस्वी मुख्यमंत्र्यांच्या हाती असल्याने ते आघाड्यांच्या राजकारणातील देवाणघेवाणीचे साधनही झाले आहे. १८ जानेवारी २०२५ रोजी पालकमंत्र्यांची यादी जाहीर झाली आणि दुसऱ्याच दिवशी मित्रपक्षाच्या नाराजीमुळे रायगड व नाशिक येथील नेमणुकांना स्थगिती द्यावी लागली. त्याच यादीत उपनगरासाठी आशिष शेलार पालकमंत्री आणि लोढा ‘सहपालकमंत्री’ झाले, म्हणजे घटनेत नसलेल्या पदाला आणखी एक जोडपद मिळाले. या दोघांमध्ये अंतिम शब्द कोणाचा, हे पार्ल्यातील अर्जदाराला फलकावरची नावे वाचून कळण्याजोगे नाही.